अडीच हजार वर्षांपूर्वीची चिनी कशी ऐकू येत असेल? बर्नहार्ड कार्लग्रेन यांचं काम

ह्युएनत्संग सातव्या शतकात महाराष्ट्रात येऊन गेला आणि आपल्या वृत्तांतात या प्रदेशाचं नाव चार चिनी अक्षरांत लिहून गेला. आज बीजिंगमधला शाळकरी मुलगा ती चार अक्षरं 'मो-ह-ला-छा' अशी वाचेल. तिथल्या राजाचं नाव तो 'पू-लुओ-ची-श' असं वाचेल. हा राजा म्हणजे बदामीच्या चालुक्यांपैकी दुसरा पुलकेशी. ह्युएनत्संग नालंदेत शिकलेला, संस्कृतात मुरलेला माणूस. पुलकेशीतला 'के' त्याला 'ची' ऐकू आला असेल, हे काही पटत नाही. पण इथे चूक कुणाचीच नाही. अक्षरं तीच राहिली आणि तेराशे-चौदाशे वर्षांत त्यांचे उच्चार बदलत गेले, इतकंच.

मग तेव्हाचे उच्चार काय होते, हे आज कळणार कसं? ध्वनिमुद्रण नाही आणि लिपी उच्चार लिहून ठेवणारी नाही. या प्रश्नाला पहिलं पद्धतशीर, आवाजांच्या पातळीवरचं उत्तर ज्याने दिलं, तो माणूस स्वीडनचा होता. बर्नहार्ड कार्लग्रेन यांचा जन्म १८८९ सालचा, योन्शोपिंग गावातला. वडील तिथल्याच शाळेत लॅटिन, ग्रीक आणि स्वीडिश शिकवायचे.

मुलाला मात्र ग्रीक-लॅटिनइतकंच खेड्यातल्या बोलीचं वेड होतं. स्मोलांड प्रांतातल्या शेतकऱ्यांच्या तोंडून लोककथा ऐकायच्या आणि जशा ऐकल्या तशा, उच्चारासकट उतरवून घ्यायच्या, हा त्यांचा शाळकरी वयातला उद्योग. त्यातून तयार झालेलं लेखन १९०८ मध्ये छापूनही आलं. पुढच्या सगळ्या कारकिर्दीचं मूळ मला इथे दिसतं. चिनी ग्रंथांकडे हा माणूस तत्त्वज्ञानाच्या ओढीने गेला नाही, कवितेच्या तर नाहीच नाही. आवाज आणि आवाजात होत जाणारे बदल, हे त्यांना खेचून घेऊन गेलं.

उप्साला विद्यापीठात ते रशियन शिकले. तिथले प्राध्यापक युहान आउगुस्त लुंडेल यांनी स्वीडिश बोली टिपण्यासाठी खास ध्वनिलिपी बनवली होती. युरोपीय भाषांच्या इतिहासाचा अभ्यास तोवर बराच पुढे गेला होता. संस्कृत, ग्रीक, लॅटिन, गॉथिक यांची तुलना करून जुन्या ध्वनींचा माग काढण्याचे नियम बसले होते. हेच चिनीवर कुणी पूर्ण ताकदीनिशी करून पाहिलं नव्हतं. कार्लग्रेन दोन महिने सेंट पीटर्सबर्गला जाऊन थोडी चिनी शिकले, शिष्यवृत्ती मिळवली आणि १९१० मध्ये चीनला निघाले. वय वीस.

त्यांच्यापुढची अडचण मराठी वाचकाला चटकन समजेल. 'हस्त'चा 'हात' कसा झाला हे आपल्याला कळतं, कारण संस्कृत, प्राकृत आणि मराठी या तिन्हींत ध्वनी लिहून ठेवलेले आहेत. चिनी अक्षरातून अर्थ कळतो, उच्चाराचा फार तर अंदाज येतो. कन्फ्यूशियसच्या काळात 'सहा' या अंकाला काय म्हणत, हे त्या अंकाच्या अक्षराकडे कितीही टक लावून पाहिलं तरी कळणार नाही.

अर्थात चिनी पंडितांनी हातावर हात ठेवले नव्हते. इ.स. ६०१ मध्ये लु फायान नावाच्या विद्वानाने 'छिए-युन' हा यमककोश, म्हणजे यमकांनुसार अक्षरं लावलेला कोश, पुरा केला. त्याच्या प्रस्तावनेतला प्रसंग मला फार आवडतो. वीसेक वर्षांपूर्वी आठ जाणकार मंडळी लु फायानच्या घरी मुक्कामाला आली होती. रात्र चढली, मद्य संपत आलं आणि गप्पा उच्चारांवर घसरल्या. उत्तरेकडचे असं बोलतात, दक्षिणेकडचे तसं, जुन्या कोशांत भलतंच. शेवटी एकाने सुचवलं की एवढा खल झालाच आहे, तर लिहून का ठेवत नाहीस? आपण एवढे जण ठरवू ते ठरलं. मग लु फायानने दिव्याच्या उजेडात लेखणी उचलून मुद्दे टिपून घेतले.

या कोशात उच्चार सांगण्याची युक्ती साधी आहे. ज्या अक्षराचा उच्चार सांगायचा, त्याच्यापुढे दुसरी दोन अक्षरं द्यायची. पहिल्याचं सुरुवातीचं व्यंजन घ्यायचं आणि दुसऱ्याचा उरलेला भाग त्याला जोडायचा. 'पूर्व दिशा' या अक्षरापुढे 'सद्गुण' आणि 'लाल' ही दोन अक्षरं असतात. 'सद्गुण'मधला त आणि 'लाल'च्या 'हुङ्'मधला उङ् मिळून झाला 'तुङ्'. हजारो अक्षरांची अशी नोंद आहे. पण गोम अशी की ही सगळी समीकरणं आहेत, त्यातल्या अज्ञात संख्यांच्या किमती कुठेच दिलेल्या नाहीत. अमुक अक्षर आणि तमुक अक्षर एकाच व्यंजनाने सुरू होतात, एवढं कोश ठामपणे सांगतो. ते व्यंजन त होतं की द होतं, याबद्दल अवाक्षर नाही.

किमती शोधायला कार्लग्रेन बोलींकडे वळले. त्यांनी ३,१०० अक्षरांची एक यादी केली आणि गावोगावच्या माणसांकडून ती वाचून घेतली. ठिकाण बदललं की तीच यादी, नवा आवाज, आणि लुंडेल यांच्या ध्वनिलिपीत नवी नोंद. अशा चोवीस बोलींची सामग्री जमली. मध्येच शिष्यवृत्तीचे पैसे संपले, तेव्हा शान्सी प्रांतातल्या ताइयुआनच्या विद्यापीठात त्यांनी फ्रेंच आणि इंग्रजी शिकवून दिवस काढले. इंग्रजी त्यांना कुणी कधी शिकवलीच नव्हती, चीनला जाताना बोटीवरच्या प्रवाशांकडून ते ती उचलत गेले, अशी एक आख्यायिका आहे. खरीखोटी देव जाणे, पण त्यांचा कान पाहता अशक्य वाटत नाही. ते चीनमध्ये असतानाच १९११ ची क्रांती झाली आणि राजेशाही कोसळू लागली. १९१२ च्या जानेवारीत ते युरोपला परतले, ते वह्यांच्या गठ्ठ्यासह.

बोलींचा उपयोग काय, ते एका उदाहरणावरून पाहू. 'देश' या अर्थाचं अक्षर बीजिंगकडे 'क्वो' असं वाचतात. कॅन्टनमध्ये तेच 'क्वोक्', कोरियनमध्ये 'कुक्', जपानीत 'कोकु', व्हिएतनामीत 'क्वोक्'. या शेजाऱ्यांनी आपापल्या भाषेत चिनी शब्द घेतले ते हजार-दीड हजार वर्षांपूर्वी, आणि शेवटचा क् त्यांनी जपून ठेवला. बीजिंगने तो गमावला. 'तीन'चंही तसंच: बीजिंगला 'सान', कॅन्टनला 'साम', कोरियात 'साम', व्हिएतनाममध्ये 'ताम'. म्हणजे शेवटी म् होता. शांघायकडच्या बोलीत द, ब, ग असे घोष ध्वनी टिकून आहेत, ते उत्तरेत नाहीत. एकेका बोलीने एकेक तुकडा सांभाळलेला असतो. ते तुकडे छिए-युनच्या समीकरणांत ठेवत गेलं की किमती सुटत जातात.

आता आपल्या घरच्या गोष्टीकडे येतो. चिनी ध्वनिशास्त्राच्या जुन्या तक्त्यांत आद्य व्यंजनांना प्रत्येकी एकेका अक्षराचं नाव दिलेलं असतं. त्यातली एक ओळ आज 'चिएन, शी, छ्युन, यी' अशी वाचली जाते. ऐकून कशाचा कशाला मेळ लागत नाही. पण पुनर्रचित उच्चार घातले की त्यांची आद्याक्षरं होतात क, ख, ग, ङ. दुसरी ओळ प, फ, ब, म. तिसरी त, थ, द, न. आपण बालवाडीत घोकलेले वर्गच ते, फक्त घ, भ, ध नाहीत, कारण चिनीत घोष ध्वनींची एकच रांग होती. ओठ, जीभ, दाढा, दात, घसा अशी उच्चारस्थानांनुसार केलेली वाटणीही आपल्या ओळखीची. हा योगायोग नाही. बौद्ध भिक्षूंबरोबर संस्कृतची वर्णमाला चीनमध्ये पोचली होती आणि तिच्या धर्तीवर चिनी अभ्यासकांनी आपल्या ध्वनींची मांडणी केली. युरोपीय वाचकाला त आणि थ यांतला फरक समजावायला कार्लग्रेन यांना ध्वनिचिन्हांची कसरत करावी लागली. आपल्याला ती गरजच नाही.

हे सगळं हाताशी घेऊन पुलकेशीकडे परत जाऊ. त्याच्या नावाची चार अक्षरं सातव्या शतकाच्या आसपासच्या उच्चारांत साधारण 'पु-ला-केइ-श्या' अशी येतात. 'के' जागेवर आला. प्रदेशाचं नाव येतं 'म्वा-हा-लात्-ठा'. त्या काळच्या चिनीत र नव्हता, म्हणून ल. तिसऱ्या अक्षराच्या शेवटी त् आणि चौथ्याच्या सुरुवातीला मूर्धन्य ठ, म्हणजे जवळजवळ 'महारट्ठा'. ह्युएनत्संगच्या कानावर संस्कृत 'महाराष्ट्र'पेक्षा प्राकृत रूप पडलं असावं, असं मला यावरून वाटतं. हे उदाहरण कार्लग्रेन यांचं नव्हे. त्यांचा भर बोलींवर होता, परकी नावं साक्षीला बोलावण्याचं काम त्यांच्या नंतरच्या अभ्यासकांनी अधिक केलं.

परतल्यावर कार्लग्रेन पॅरिसला गेले. त्या काळी चीनविषयक विद्येची पंढरी पॅरिसच होती. एदुआर शावान तिथे शिकवत होते, पॉल पेलियो आणि आंरी मास्पेरो ही त्याच वर्तुळातली माणसं. १९१५ मध्ये उप्सालाला प्रबंध सादर झाला, चिनी ध्वनिव्यवस्थेवरचा, फ्रेंच भाषेत. ग्रंथाचे पुढचे भाग १९२६ पर्यंत निघत राहिले. १९१८ मध्ये गोथेनबर्गला पूर्व आशियाई भाषा आणि संस्कृतीचे प्राध्यापक म्हणून नेमणूक झाली. १९३१ ते १९३६ ते तिथले रेक्टरही, म्हणजे संस्थेचे प्रमुखही होते. प्रशासनाच्या या वर्षांबद्दल सांगण्यासारखं फार नाही. फुरसतीत 'क्लास गुलमान' या टोपणनावाने त्यांनी कादंबऱ्या लिहिल्या, हे मात्र सांगायला हवं, कारण त्यांचं शास्त्रीय लेखन वाचून तशी शंकाही येणार नाही.

सर्वांत मोठी दाद चीनमधून आली. चाओ युआन-रेन, लुओ चांग-फेइ आणि ली फांग-कुएइ हे तिघं आधुनिक चिनी भाषाशास्त्रातले दिग्गज. त्यांनी कार्लग्रेन यांचा फ्रेंच ग्रंथ चिनीत आणला, जाता जाता त्यातल्या चुका दुरुस्त केल्या, आणि १९४० मध्ये तो प्रसिद्ध झाला. परक्याने आपल्या भाषेवर लिहिलेलं पुस्तक तिथल्या पहिल्या फळीतल्या तीन विद्वानांनी वर्षं खर्चून अनुवादित करावं, हा मान क्वचितच कुणाला मिळतो.

सातव्या शतकावर ते थांबले नाहीत. आणखी हजार-बाराशे वर्षं मागे, कन्फ्यूशियसच्याही आधी जायचं, तर कोश नाहीत आणि बोलीही तिथवर पोचत नाहीत. तिथे दोन साक्षीदार आहेत. एक म्हणजे 'शी-चिंग', ३०५ प्राचीन गीतांचा संग्रह. त्यात आज न जुळणारी यमकं तेव्हा जुळत होती. दुसरा साक्षीदार खुद्द अक्षरं. बहुतेक चिनी अक्षरांत एक भाग अर्थाची खूण असतो आणि दुसरा उच्चाराची. 'प्रत्येक' या अर्थाचं एक अक्षर आहे, त्याचा मधल्या काळातला उच्चार 'काक्'. त्याच अक्षराला पायाची खूण जोडली की 'रस्ता' होतो, आणि पाण्याची खूण जोडली की लुओ नदीचं नाव. पण या दोन्हींची सुरुवात ल ने होते. क ची खूण ल साठी कशी चालली? कार्लग्रेन यांचं उत्तर असं की अतिप्राचीन काळी इथे क्ल, ग्ल अशी जोडाक्षरं होती: 'क्लाक्', 'ग्लाक्'. कुठे क उरला, कुठे ल. पुढे सर्गेइ याखोंतोव्ह, एडविन पुलीब्लँक यांच्यासारख्या भाषाशास्त्रज्ञांच्या कामातून त्या ल च्या जागी मुळात र होता हे मत रुजलं. जोडाक्षराची मूळ कल्पना मात्र टिकली.

हा पायाही चिनी पंडितांनीच घातलेला होता. एकाच ध्वनिखुणेची अक्षरं एकाच यमकगटात पडतात, हे अठराव्या शतकात तुआन यू-त्साय यांनी सांगून ठेवलं होतं. कार्लग्रेन यांनी त्या गटांना प्रत्यक्ष आवाज दिला. त्यांचं श्रेय तेवढंच, आणि ते थोडं नाही.

उच्चार कळले म्हणून ग्रंथ कसा कळणार, असं कुणी विचारेल. त्याचं कारण जुन्या नकलकारांत दडलेलं आहे. ते हवं ते अक्षर न लिहिता त्याच उच्चाराचं दुसरं लिहून मोकळे होत. त्यामुळे भाष्यकारांना मोकळं रान मिळालं: ओळीचा अर्थ लागला नाही की 'हे अक्षर खरं तर त्या अक्षराच्या बदली आलं आहे' असं म्हणायचं. कार्लग्रेन यांनी इथे कडक पहारा बसवला. त्या काळी दोन्हींचा उच्चार खरंच एक होता का? असा बदल प्राचीन काळच्याच दुसऱ्या मजकुरात दिसतो का? नसेल तर दावा बाद. शी-चिंगवरची त्यांची टिपणं १९४२ ते १९४६ या काळात आली, आणि ती वाचताना एकेका ओळीवर दोन हजार वर्षांचे टीकाकार एका रांगेत उभे करून उलटतपासणी चालली आहे असं वाटतं. १९५० मध्ये त्या गीतांचा त्यांचा इंग्रजी अनुवाद पुस्तकरूपाने आला. तो अचूक आहे आणि अत्यंत रुक्ष आहे. प्रेमगीत वाचायचं असेल तर त्याच्या वाटेला जाऊ नये. एखादा शब्द नक्की कशाचा आधार घेऊन उभा आहे हे पाहायचं असेल, तर त्याला तोड नाही.

त्यांची मला सर्वांत चलाख वाटणारी कामगिरी १९२६ मधली आहे. 'त्सो-च्वान' हा प्राचीन चीनच्या इतिहासाचा मोठा ग्रंथ. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस खांग यौ-वेइ या सुधारकाने आरोप केला की हान राजवटीच्या काळातल्या लिउ शिन नावाच्या ग्रंथपालाने जुन्या ग्रंथांत बनवाबनवी केली, आणि त्सो-च्वानही त्याच खटपटीतून आलेला आहे. हा केवळ पंडिती वाद नव्हता. कन्फ्यूशियसचा खरा वारसा कोणता, यावर राजकारण अवलंबून होतं. कार्लग्रेन यांनी मतामतांचा गलबला बाजूला सारला आणि ग्रंथातली बारीकसारीक अव्ययं मोजायला घेतली. 'जर' या अर्थी कोणतं अक्षर, 'सारखं' या अर्थी कोणतं? स्थळाच्या नावाआधी कोणतं शब्दयोगी येतं, माणसाच्या आधी कोणतं? त्सो-च्वानमध्ये हे भेद सुरुवातीपासून अखेरपर्यंत पाळलेले दिसले. कन्फ्यूशियसच्या वचनांत आणि मेन्शियस या तत्त्वज्ञाच्या ग्रंथात व्याकरणाची घडण वेगळी निघाली. लबाडी करणारा माणूस मोठमोठे शब्द जुन्या वळणाचे वापरेल, पण 'ला' आणि 'जवळ' यांच्यासारख्या किरकोळ शब्दांत, शेकडो पानांवर, स्वतःच्या बोलीत नसलेला भेद तो सातत्याने पाळेल? ग्रंथ इ.स.पू. ३०० च्या आधीचा आणि अस्सल, असा त्यांनी निर्वाळा दिला. तपशिलांवर नंतर मतभेद झाले, पण लिउ शिनने तो रचला हे म्हणणं पुन्हा नीट उभं राहिलं नाही.

हीच मोजदाद दुसरीकडे मात्र अंगाशी आली. १९३९ मध्ये ते स्टॉकहोमच्या पूर्व आशियाई पुरावस्तू संग्रहालयाचे संचालक झाले. भूगर्भशास्त्रज्ञ युहान गुन्नार आंदर्सोन यांनी १९२६ मध्ये उभं केलेलं हे संग्रहालय. त्याआधीच, १९३६ पासून, कार्लग्रेन प्राचीन कांस्यपात्रांकडे वळले होते. पात्रांवरच्या नक्षीचे घटक वेगळे काढायचे, कोणते एकत्र येतात आणि कोणते कधीच येत नाहीत ते मोजायचं आणि त्यावरून शैलींचे गट पाडायचे, अशी पद्धत. गट चांगले पडले, क्रम चुकला. नक्षीतला ठळक मुखवटा आधीचा आणि विस्कटलेली नक्षी नंतरची, असं त्यांनी धरलं. १९५३ मध्ये कलेतिहासकार माक्स लेअर यांनी शैलींचा वेगळाच क्रम लावला, आणि नंतरच्या उत्खननांनी लेअर यांच्या बाजूने कौल दिला. आकडे गट सांगतात. आधी कोण आणि मागाहून कोण हे सांगायला बाहेरचा पुरावा लागतो. भाषेच्या बाबतीत तो बोलींतून मिळाला होता, भांड्यांच्या बाबतीत जमिनीखालीच होता.

ध्वनींच्या कामावरही आक्षेप आहेत. छिए-युन म्हणजे राजधानी छांग-आनची एकच बोली, असं कार्लग्रेन धरून चालले. पण लु फायानच्या घरची ती बैठकच सांगते की उत्तर-दक्षिणेचा मेळ घालून काढलेला हा तोडगा होता. चिनी अभ्यासक चौ त्सु-मो यांनी हे सविस्तर मांडलं. शिवाय बारीक ध्वनिभेद टिपण्याच्या हौसेपायी त्यांची पुनर्रचना चिन्हांनी गजबजून गेली. भाषेला मोजक्या ध्वनींची चौकट असते या नव्या विचाराला त्यांनी फारसा थारा दिला नाही. इथे स्मोलांडच्या शेतांतून कथा टिपत हिंडणारा मुलगा शास्त्रज्ञाच्या आड आला, असं मला वाटतं.

दुसऱ्या महायुद्धानंतर रॉकफेलर फाउंडेशनच्या मदतीने त्यांनी स्टॉकहोममध्ये तरुणांचा एक छोटा वर्ग घेतला. त्यातून सोरेन एगेरोद कोपनहेगनला, हेन्री हेन्ने ऑस्लोला, हान्स बीलेन्स्टाइन कॅनबेरामार्गे न्यूयॉर्कला गेले आणि प्राध्यापक झाले. चौथे योरान माल्मक्विस्ट. ते १९४८ मध्ये सिच्वानला बोली गोळा करायला गेले, पुढे स्वीडिश अकादमीचे सदस्य झाले आणि गुरूचं चरित्रही त्यांनीच लिहिलं. गुरूने कधी हात न घातलेलं आधुनिक चिनी साहित्य त्यांनी स्वीडिशमध्ये आणलं. २००० चं नोबेल मिळालेले काव शिंग-च्यान त्यांतलेच एक.

कार्लग्रेन १९५९ पर्यंत संग्रहालयात होते आणि १९७८ मध्ये वारले. संग्रहालय सोडण्याच्या दोन वर्षं आधी, १९५७ मध्ये, त्यांचा 'ग्रामाटा सेरिका रिसेन्सा' हा कोश नव्या रूपात निघाला: ध्वनिखुणांनुसार पाडलेले १,२६० गट, प्रत्येक अक्षराचा अतिप्राचीन, मधला आणि आजचा उच्चार, आणि ते कोणत्या प्राचीन ग्रंथात कोणत्या अर्थाने आलं त्याची नोंद. त्यातले उच्चार आज कुणी जसेच्या तसे स्वीकारत नाही. विल्यम बॅक्स्टर आणि लोराँ सागार यांची २०१४ ची पुनर्रचना त्यापासून बरीच दूर गेली आहे, आणि तिच्यावरही वाद चालू आहेत. पण २००९ मध्ये आक्सेल शुस्लर यांनी सुधारित उच्चारांचा कोश काढला, तेव्हा त्यांनी उपशीर्षकातच तो कार्लग्रेन यांच्या कोशाचा सोबती असल्याचं नोंदवलं. अक्षरांसोबत कार्लग्रेन यांचेच क्रमांक दिले आहेत, म्हणजे वाचकाला दोन्ही पुस्तकं शेजारी उघडून बसता येतं.